औषध कमी घेतले गेले तर कोड कोणता? वाचकांचे प्रश्न आणि आमची उत्तरे

अमेरिकेतल्या रुग्णालयांचे चार्ट वाचून निदानाचे कोड लावण्याचे काम आज पुणे, मुंबई, नागपूर इथे बसून अनेक तरुण-तरुणी करतात. लिहून दिलेले औषध रुग्णाने कमी घेतले किंवा मनानेच बंद केले, म्हणजेच 'अंडरडोसिंग', याबद्दल आलेल्या पत्रांपैकी काही यावेळी घेतली आहेत. उत्तरे अमेरिकेत १ ऑक्टोबर २०१५ पासून लागू असलेल्या आयसीडी-१०-सीएम या निदानकोडांच्या संचाला धरून आहेत. कोडमधली अक्षरे इथे देवनागरीत छापली आहेत. सॉफ्टवेअरमध्ये ती अर्थातच रोमन भरायची.

प्रश्न : रुग्णाला टाइप २ मधुमेह. पैसे नसल्याने दोन आठवडे इन्सुलिन घेतले नाही आणि किटोॲसिडोसिस (रक्तात आम्लद्रव्ये साठणे) होऊन दाखल झाला. इन्सुलिन न घेतल्यामुळेच सगळे घडले, म्हणून मी टी३८.३एक्स६ए (इन्सुलिन कमी घेतल्याचा कोड) पहिला लावला. ऑडिटरने चूक काढली. कारण हेच असताना ते पहिले का नको? (पुणे)

ऑडिटरचे बरोबर आहे. अंडरडोसिंगचा कोड प्रिन्सिपल, म्हणजे मुख्य निदान, म्हणून किंवा पहिल्या क्रमांकावर कधीही येत नाही. या संचाच्या मार्गदर्शक सूचनांत या नियमाला अपवाद ठेवलेला नाही. औषध कमी पडल्यामुळे जो आजार उफाळला, तो आधी. तुमच्या चार्टमध्ये क्रम असा लागेल: ई११.१०, म्हणजे किटोॲसिडोसिससह टाइप २ मधुमेह, कोमा नाही, मग टी३८.३एक्स६ए, मग झेड९१.१२०, म्हणजे आर्थिक अडचणीमुळे रुग्णाने जाणूनबुजून औषध कमी घेतले. आणि दीर्घकाळ इन्सुलिनवर असल्याचा झेड७९.४.

गोंधळ होतो तो विषबाधेच्या नियमामुळे. टी३६ ते टी५० याच गटात तीन वेगळ्या गोष्टी राहतात. चुकीचे औषध, जास्त मात्रा किंवा चुकीच्या मार्गाने दिलेले औषध ही विषबाधा. तिथे टी कोड पहिला येतो आणि परिणाम नंतर. औषध बरोबर दिले, बरोबर घेतले आणि तरी त्रास झाला, तर तो दुष्परिणाम. तिथे त्रास पहिला आणि पाच हा अंक असलेला टी कोड नंतर. औषध कमी पडले तर अंक सहा, आणि इथेही आजारच पहिला. शिकताना विषबाधा आधी शिकवली जाते आणि 'टी कोड पुढे' हे डोक्यात पक्के बसते. नव्या कोडरच्या हातून ही चूक होते ती बहुधा त्यामुळेच.

कोडची बांधणीही एकदा नीट पाहून घ्या. टी३८.३ या उपगटाला पाचवे अक्षर नाही, म्हणून तिथे एक्स बसवून जागा भरतात, सहाव्या जागी ६ आणि सातव्या जागी भेटीचे अक्षर (ए, डी किंवा एस). एक्स गाळून टी३८.३६ए लिहिले तर असा कोडच अस्तित्वात नाही आणि क्लेम, म्हणजे विमा कंपनीकडे पाठवलेली बिलाची मागणी, परत येतो. मात्र सगळीकडे एक्स लागतो असेही नाही. अँटिकोॲग्युलंटचा (रक्त गोठू न देणाऱ्या औषधाचा) कोड टी४५.५१६ए आहे, त्यात एक्स कुठेच नाही. नेमके नाव माहीत नसलेल्या अँटिबायोटिकसाठी टी३६.९६एक्सए, इथे ६ पाचव्या जागी आणि एक्स सहाव्या. म्हणूनच सूचनांत 'पाचवे किंवा सहावे अक्षर ६' असे म्हटले आहे. टेबल ऑफ ड्रग्जमध्ये, म्हणजे औषधांच्या नावांच्या यादीत, औषधाच्या नावापुढे सहा रकाने असतात, त्यांतला शेवटचा अंडरडोसिंगचा. तिथून कोड उचलून थेट भरू नका. टॅब्युलर लिस्टमध्ये, म्हणजे कोडच्या क्रमवार मुख्य यादीत, तो उघडून पाहिल्यावरच सातवे अक्षर आणि सोबतच्या टिपा दिसतात.

प्रश्न : चार्टमध्ये 'हार्ट फेल्युअर वाढले, रुग्ण फ्युरोसेमाइड आणि लिसिनोप्रिल घेत नव्हता' एवढेच आहे. औषधे दोन आहेत, पण घटना एकच. टी कोड एक की दोन? (ठाणे)

दोन. फ्युरोसेमाइड लूप डाययुरेटिक (लघवी वाढवणारे औषध) आहे, त्याचा टी५०.१एक्स६ए, लिसिनोप्रिल एसीई इन्हिबिटर (रक्तदाब उतरवणारे औषध) आहे, त्याचा टी४६.४एक्स६ए. प्रत्येक औषध आपल्या वर्गात जाते. 'ब्लड प्रेशरची गोळी' असा एकच कोड नसतो. मेटोप्रोलॉल टी४४.७एक्स६, अम्लोडिपिन टी४६.१एक्स६ आणि लोसार्टान टी४६.५एक्स६ मध्ये जाते. दोन औषधे एकाच कोडमध्ये पडली तर मात्र तो कोड एकदाच.

रुग्णाला उच्च रक्तदाबही असेल तर आय११.० (उच्च रक्तदाबाचा हृदयविकार, हार्ट फेल्युअरसह) पहिला आणि हार्ट फेल्युअरचा प्रकार सांगणारा आय५० मधला कोड त्याच्या मागे. टी कोड त्यानंतर. कारण चार्टमध्ये लिहिलेले नाही, म्हणून झेड९१ मधला हेतूचा कोड तुम्ही आपल्या मनाने लावू शकत नाही. सूचनांचे शब्द 'हेतू माहीत असल्यास' असे आहेत. माहीत नाही तर डॉक्टरांना क्वेरी, म्हणजे लेखी विचारणा, पाठवा. तिचे उत्तर येईपर्यंत टी कोड झेड९१ शिवाय उभा राहू शकतो.

उलट बाजू मात्र चालत नाही. झेड९१.१२ (जाणूनबुजून कमी घेणे) आणि झेड९१.१३ (अनवधानाने कमी घेणे) या दोन्हींखाली 'आधी अंडरडोसिंगचा कोड लावा' अशी टीप आहे. टी कोड न लावता एकटा झेड९१.१२० पाठवलेला क्लेम अर्धवट असतो: रुग्णाला परवडले नाही हे कळते, काय परवडले नाही हे कळत नाही.

प्रश्न : हेतूचे कोड निवडताना दर वेळी अडखळतो. ८२ वर्षांच्या आजी गोळ्या विसरतात, याला 'वयोमानाने आलेली दुर्बलता' म्हणायचे का? आणि डॉक्टर नुसते 'नॉनकम्प्लायंट' (सांगितलेले न पाळणारा) लिहितात तेव्हा काय करायचे? (नागपूर)

वय ८२ आहे म्हणून झेड९१.१३० लावू नका. वयोमानाने आलेल्या दुर्बलतेमुळे औषध चुकले असा संबंध डॉक्टरांनी लिहिलेला हवा. नुसते 'विसरल्या' असेल तर झेड९१.१३८, म्हणजे अनवधानाने, अन्य कारण. विसरायला वय लागत नाही. रात्रपाळी करणारा तिशीतला माणूसही गोळी विसरतो.

जाणूनबुजून आणि अनवधानाने यांतली रेषा रुग्णाच्या कृतीवर ठरते. परवडत नाही म्हणून एक दिवसाआड गोळी घेतली: हे जाणूनबुजून, झेड९१.१२०. मळमळते म्हणून बंद केली, बरे वाटते म्हणून सोडली, शेजाऱ्याने सांगितले म्हणून थांबवली: तिन्ही झेड९१.१२८. बाटलीवरचे बारीक अक्षर वाचता आले नाही आणि दोन गोळ्यांऐवजी एक घेतली: झेड९१.१३८. पैशांचे कारण चार्टमध्ये असूनही घाईत १२८ लावला जातो, त्याचे आम्हाला फार वाईट वाटते. १२० हा कोड पाहून एखादा समाजसेवक किंवा फार्मसिस्ट रुग्णाला मदत योजनेपर्यंत नेऊ शकतो. १२८ पाहून कुणीच काही करू शकत नाही. नर्सच्या किंवा सोशल वर्कच्या नोंदीत 'को-पे (औषधाच्या खर्चातला रुग्णाचा वाटा) भरता आला नाही' असे वाक्य असते आणि डॉक्टरांच्या नोटमध्ये ते उतरलेले नसते. तेव्हा क्वेरी करायचा कंटाळा करू नका.

'नॉनकम्प्लायंट' हा शब्द फार मोघम आहे. रुग्णाने कमी घेतले, जास्त घेतले की भलत्या वेळी घेतले, काहीच कळत नाही. एवढ्या शब्दावर टी कोड लावू नये. औषधांबाबतचे नॉनकम्प्लायन्स आहे इतके स्पष्ट असेल तर झेड९१.१४ च्या गटात जा. हा कोड १ ऑक्टोबर २०२३ पासून फुटला आहे: आर्थिक कारण असेल तर झेड९१.१४१, अन्य कारण असेल तर झेड९१.१४८. त्या तारखेनंतर डिस्चार्ज झालेल्या रुग्णाला जुना पाच अक्षरी कोड लावला तर तो अवैध ठरतो. दाखल रुग्णासाठी डिस्चार्जची तारीख पाहायची, ओपीडीसाठी भेटीची. जुने टेम्प्लेट वापरणाऱ्या टीममध्ये ही चूक महिनोन्महिने चालू राहते.

क्वेरी लिहिताना उत्तर सुचवू नका. 'रुग्णाने पैशांमुळे औषध बंद केले ना?' असे विचारणे नियमाला धरून नाही. चार्टमधली नोंद जशीच्या तशी उद्धृत करा, 'औषध न घेण्यामागचे कारण माहीत असल्यास कृपया नोंदवावे' असे विचारा आणि पर्याय दिलेच तर 'अन्य' व 'ठरवता येत नाही' हेही त्यांत ठेवा. पैसे किती मिळतील, डीआरजी (ज्यावर रुग्णालयाचे बिल ठरते तो गट) काय होईल, याचा उल्लेख क्वेरीत चुकूनही नको.

प्रश्न : वॉरफरिन (रक्त गोठू न देणारे औषध) घेणाऱ्या रुग्णाचा आयएनआर, म्हणजे रक्त गोठण्याच्या चाचणीचा आकडा, १.४ आला, हवा होता २ ते ३. डॉक्टरांनी 'सबथेराप्युटिक' (हवा त्यापेक्षा कमी) लिहून डोस वाढवला. डोस कमीच पडला, म्हणजे टी४५.५१६ए लागतो ना? (नाशिक)

नाही. रक्तातली पातळी कमी असणे आणि रुग्णाने औषध कमी घेणे या दोन वेगळ्या गोष्टी. हा रुग्ण सांगितल्याप्रमाणे गोळी घेत असेल तर आर७९.१ (रक्त गोठण्याच्या चाचणीत बिघाड) आणि झेड७९.०१ (दीर्घकाळ अँटिकोॲग्युलंट चालू) लावा, आणि वॉरफरिन ज्यासाठी चालू आहे तो आजार. आयएनआर खाली येण्याची कारणे पुष्कळ. पालक, मेथी यांसारख्या पालेभाज्या अचानक जास्त खाल्ल्या, तर त्यांतल्या के जीवनसत्त्वानेही तो उतरतो. रिफॅम्पिसिन सुरू केले तरी उतरतो, कारण यकृत वॉरफरिन लवकर संपवू लागते. यांत रुग्णाने एकही गोळी चुकवलेली नाही.

'गेल्या आठवड्यात चार डोस विसरला' असे डॉक्टरांनी लिहिले, की मग टी४५.५१६ए आणि झेड९१.१३८.

शस्त्रक्रियेआधी डॉक्टरांनीच वॉरफरिन थांबवले असेल तर ते अंडरडोसिंग नाही, कारण ठरलेली मात्राच तेव्हा शून्य होती. वॉर्डातल्या चुकलेल्या डोसबद्दलही विचारणा येते, तेही इथेच सांगतो. रुग्णालयात द्यायचे औषध चुकून दिले गेले नाही आणि डॉक्टरांनी तशी नोंद केली, तर औषधाचा ६ असलेला टी कोड आणि त्यासोबत वाय६३.६, म्हणजे आवश्यक औषध कमी दिले किंवा दिलेच नाही. झेड९१ तिथे लावू नका, चूक रुग्णाची नाही. औषधांच्या तक्त्यात नर्सने 'दिले नाही' अशी खूण केली म्हणून लगेच वाय६३.६ लावणेही चुकीचे. 'सिस्टोलिक (वरचा रक्तदाब) १०० च्या खाली असेल तर गोळी देऊ नये' असा आदेश असतो आणि नर्सने तो पाळलेला असतो.

प्रश्न : रुग्ण गोळ्या चुकवतो, पण आज त्याचे ब्लड प्रेशर ठीक आहे. काही बिघडलेलेच नाही तर कोड लावायचा का? आणि पुढच्या भेटीत सातवे अक्षर बदलते का? (कोल्हापूर)

लावायचा. प्रकृतीत बदल झाल्याची नोंद असलीच पाहिजे असे नाही. औषध सांगितल्यापेक्षा कमी घेतले किंवा मनाने बंद केले, एवढी नोंद पुरते. सूचनांत हे आता स्वच्छ लिहिले आहे. आय१० (उच्च रक्तदाब) पहिला, मग औषधाचा टी कोड, मग हेतू माहीत असल्यास तो.

ए हे अक्षर सक्रिय उपचार चालू आहेत तोवर. 'पहिली भेट' असा त्याचा शब्दशः अर्थ घेऊ नका. दुसरा डॉक्टर आला, दुसरे रुग्णालय आले तरी त्या प्रश्नावर उपचार चालू असतील तर ए च. औषध पुन्हा सुरू होऊन रुग्ण सावरतो आहे आणि फक्त पाठपुरावा चालू आहे, तेव्हा डी. एस, म्हणजे जुन्या घटनेचा मागे राहिलेला परिणाम, फार क्वचित लागतो.

प्रश्न : सहा वर्षांच्या मुलाला एपिलेप्सी. विमा संपल्यामुळे आईने व्हॅल्प्रोएट निम्मे देऊन बाटली पुरवली आणि फिट आली. नोटमध्ये 'पुअरली कंट्रोल्ड' असेही आहे. झेड९१.१२० लावताना हात अडखळतो. (छत्रपती संभाजीनगर)

अडखळतो ते बरोबरच. झेड९१.१२० रुग्णाच्या स्वतःच्या कृतीसाठी आहे, इथे कृती पालकाची. १ ऑक्टोबर २०२२ पासून त्यासाठी झेड९१.ए हा वेगळा गट आला. आर्थिक अडचणीमुळे सांभाळणाऱ्याने जाणूनबुजून कमी दिले: झेड९१.ए२०. अन्य कारणाने जाणूनबुजून: झेड९१.ए२८. अनवधानाने, म्हणजे चमच्याचे माप चुकले वगैरे: झेड९१.ए३. व्हॅल्प्रोएटचा टी कोड टी४२.६एक्स६ए. फेनिटॉइन असते तर टी४२.०एक्स६ए आणि कार्बामाझेपिन असते तर टी४२.१एक्स६ए. 'फिटचे औषध' एवढेच लिहिलेले असेल तर टी४२.७६एक्सए, पण त्यावर समाधान मानण्याआधी औषधांची यादी उघडून पाहा.

खरी अडचण 'पुअरली कंट्रोल्ड' या शब्दांत आहे. जी४० मध्ये हे शब्द 'इन्ट्रॅक्टेबल'च्या बरोबरीचे मानले आहेत, म्हणजे औषधांना दाद न देणारी एपिलेप्सी. एपिलेप्सीचा प्रकार लिहिलेला नसेल तर कोड जी४०.९०९ वरून जी४०.९१९ वर जातो. मुलाला पूर्ण मात्रा मिळत होती तेव्हा फिट येत नव्हत्या, आणि निम्म्या मात्रेवर आली. मग औषध दाद देत नव्हते असे कसे म्हणायचे? हा शब्द तसाच उचलला तर पुढे वर्षानुवर्षे त्या मुलाच्या नावापुढे तो चिकटतो आणि पुढचा डॉक्टर त्यावर विसंबून दुसरे औषध वाढवू शकतो. इथे क्वेरी करायलाच हवी. 'पुअरली कंट्रोल्ड' म्हणताना डॉक्टरांना औषधाला दाद न देणारी एपिलेप्सी म्हणायचे आहे, की मात्रा कमी पडल्याने नियंत्रण सुटले असे म्हणायचे आहे, की आणखी काही, हे त्यांनीच लिहावे.

प्रश्न : इन्सुलिन पंप बंद पडून शुगर वाढली तर? (परीक्षार्थी, पुणे)

कोडिंगच्या परीक्षेत हमखास विचारतात. पंपाचा बिघाड पहिला: यंत्र मोडले तर टी८५.६१४ए, जागेवरून सरकले तर टी८५.६२४ए, गळती असेल तर टी८५.६३३ए. मागोमाग टी३८.३एक्स६ए, आणि मग मधुमेहाचा प्रकार व त्याची गुंतागुंत. अंडरडोसिंग इथेही पहिले येत नाही, पण मधुमेहही पहिला येत नाही, हे लक्षात ठेवा. पंपातून जास्त इन्सुलिन गेले तर तीच विषबाधा: पंपाचा बिघाड पहिला आणि मागे टी३८.३एक्स१ए.

प्रश्न : आईबाबा साताऱ्याहून सहा महिन्यांसाठी आमच्याकडे आले. गोळ्या पुरवायच्या म्हणून बाबांनी रक्तदाबाची गोळी अर्धी करायला सुरुवात केली आणि इमर्जन्सीत न्यावे लागले. कागदपत्रांत 'नॉनकम्प्लायंट' आणि झेड९१.१२८ दिसते. याने प्रवासी विमा नाकारला जाईल का? हे काढून टाकता येईल का? (न्यू जर्सी)

कोड चुकीचा नाही. गोळी पुरावी म्हणून विचारपूर्वक अर्धी केली, म्हणजे जाणूनबुजून आणि अन्य कारण. तिथे औषध विकत घेणे परवडत नव्हते म्हणून केले असेल आणि ते डॉक्टरांना सांगितले असेल, तर झेड९१.१२० अधिक नेमका. हा कोड म्हणजे ठपका नव्हे. पुढच्या डॉक्टरने 'गोळी लागू पडत नाही' असे समजून मात्रा वाढवू नये, यासाठी ही माहिती फार मोलाची असते.

विम्याचा अडथळा बहुधा या कोडमुळे येत नाही, तो मूळ रक्तदाबाच्या निदानामुळे येतो. प्रवासी पॉलिसींत आधीपासूनच्या आजारांवर अटी असतात. काही पॉलिसी तो आजार अचानक उफाळला तर ठराविक रकमेपर्यंत खर्च देतात. आधी ते कलम काढून वाचा, त्यात औषधे नियमित चालू असण्याची अट आहे का ते पाहा, आणि मगच क्लेम भरा.

नोंदीत खरोखर चूक असेल, उदाहरणार्थ साताऱ्याच्या डॉक्टरांनीच गोळी अर्धी करायला सांगितली होती, तर ते अंडरडोसिंगच नाही. तेव्हा रुग्णालयाच्या मेडिकल रेकॉर्ड विभागाकडे दुरुस्तीची लेखी मागणी करा आणि त्या डॉक्टरांचे पत्र जोडा. हिपा या अमेरिकी आरोग्य-गोपनीयता कायद्याच्या नियमांनुसार त्यांनी ६० दिवसांत उत्तर द्यायचे असते. लेखी कळवून आणखी ३० दिवस घेता येतात. मागणी नाकारली तर तुमचे असहमतीचे निवेदन फाइलला जोडून घेण्याचा हक्क तुम्हाला आहे. खरी असलेली नोंद मात्र नकोशी आहे म्हणून पुसली जात नाही.

पुढच्या वेळी येताना पूर्ण मुक्कामाच्या आणि थोड्या जादा गोळ्या मूळ पाकिटांत, सोबत औषधांची जेनेरिक नावे व मात्रा लिहिलेले डॉक्टरांचे पत्र असू द्या. भारतातली चिठ्ठी तिथले औषधाचे दुकान सहसा चालवून घेत नाही. गोळ्या संपत आल्या तर दोन आठवडे आधी तिथल्या डॉक्टरांची वेळ घ्या. रक्तदाबाच्या बऱ्याच जुन्या गोळ्या तिथे जेनेरिक रूपात स्वस्त मिळतात. काही गोळ्या, विशेषतः हळूहळू विरघळणाऱ्या, तोडायच्या नसतातच.

प्रश्न : आमच्या जिल्ह्यातल्या रुग्णालयात हेच कोड वापरता येतील का? (सोलापूर)

नाही. भारतात जागतिक आरोग्य संघटनेचा आयसीडी-१० वापरला जातो. त्यात टी३६ ते टी५० फक्त विषबाधेसाठी आहेत आणि दुष्परिणाम वाय४० ते वाय५९ मध्ये जातात. अंडरडोसिंगसाठी सहा हा अंक त्यात नाहीच. अमेरिकी सवयीने टी३८.३ लिहिले तर तुमच्या नोंदीत त्या रुग्णाला इन्सुलिनची विषबाधा झाली असा अर्थ होईल. आजाराचा कोड लावा, सोबत उपचार न पाळल्याचा झेड९१.१ जोडा, द्यायचे औषध रुग्णालयातच राहून गेले असेल तर वाय६३.६. क्षयरोगाच्या रुग्णाने औषधे सोडल्याची नोंद निक्षय या सरकारी क्षयरोग पोर्टलमध्ये वेगळी करावी लागते. कोणते औषध, किती दिवस, कशामुळे बंद होते, हे डिस्चार्ज कार्डावर सरळ मराठीत किंवा इंग्रजीत एका ओळीत लिहा.